अकरा मिनिटांचं वावर

प्रेरणा जूनच्या शेवटी शीलाआत्याच्या गावी उतरली तेव्हा तिच्याजवळ कपड्यांची एक पिशवी होती आणि कॅमेऱ्याच्या सामानाच्या तीन काळ्या पेट्या. ऑटोवाल्याने त्या अंगणात ठेवल्या. आत्याने त्यांच्याभोवती एक चक्कर मारली आणि यंदा तरी काही बघण्यासारखं काढणार आहेस का, असं विचारलं.

आत्याचं विचारणं गैर नव्हतं. प्रेरणाने आधी घाटंजीच्या बसस्टँडवरच्या एका बाकावर सिनेमा काढला होता. वर्षभर तोच बाक, तीच वेळ. कोण बसलं, कोण उठलं, कोणाची वाट बघून कोण निघून गेलं, एवढंच त्यात होतं. पुण्यात त्याचं कौतुक झालं, दोन परदेशी महोत्सवांत तो दाखवला गेला. आत्याच्या वस्तीतल्या विहारात दाखवला तेव्हा मात्र लोक अर्धा तास शांत बसले आणि मग एका म्हाताऱ्याने अदबीने विचारलं, की सुरू कधी होते?

या वेळी तिला पऱ्हाटीचं, म्हणजे कपाशीचं, एक वावर हवं होतं. पेरणी होऊन दोन पानं वर आली तिथपासून कापूस घरी येईपर्यंत रोज सकाळी साडेसातला, एकाच जागेवरून, अकरा मिनिटं. अकरा मिनिटं एवढ्यासाठी, की तिला शिकवणारे मास्तर जुन्या रिळांवर काम केलेले होते आणि त्यांचं एक रीळ अकरा मिनिटांत संपायचं. तिच्या कॅमेऱ्यात रीळ नव्हतं, पण ती शिस्त तिने सोडली नव्हती. तिचे आणखी तीन नियम होते. कॅमेरा हलवायचा नाही. कोणाला काही करायला सांगायचं नाही. आणि आपण चौकटीत पाऊल टाकायचं नाही. जे घडतं ते आपल्यामुळे घडता कामा नये, असं ती मानायची. त्यावर तिने एकदा लेखही लिहिला होता.

गावालगतचं विठ्ठलरावांचं वावर तिला पसंत पडलं. पश्चिमेच्या धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, पळसाचं झाड होतं. त्याखाली तिपाई उभी केली, की समोर पूर्वेकडे सगळी पऱ्हाटी आणि तिच्यामागून वर येणारा सूर्य. विठ्ठलरावांनी काय दाखवणार म्हणून विचारलं. ती म्हणाली, काही नाही, नुसतं वावर. तेव्हा ते हसले आणि वावर दाखवाले कायले ना म्हणू, म्हणून मोकळे झाले.

वावरात फवारणीला भीमराज यायचा. आत्याच्या घरापासून तिसरं घर त्याचं. चाळिशी ओलांडलेला, काटक माणूस. त्याचा आवाज मोठा गोड होता आणि विहारात बुद्धवंदना तोच सांगायचा. पंप पाठीवर असला तरी तो गुणगुणत असायचा. गावात पंप मारणारे पुष्कळ होते, पण भीमराजच्या हाताला मान होता, कारण तो घाई करत नसे. धुऱ्यावर उभा राहून चिमूटभर माती उडवायचा, वारा बघायचा आणि वारा पाठीशी घेऊन दोन ओळींमधल्या तासात शिरायचा. जाताना मारायचा आणि येताना नळी बंद करून यायचा. वेळ दुप्पट लागायचा, पण विठ्ठलराव त्याला कधी टोकत नसत.

पावसाळ्यातला वारा पश्चिमेचा. त्यामुळे पहिल्या दोन फवारण्यांना कॅमेऱ्यात भीमराजची पाठ दिसली. पश्चिमेकडून तो आत जायचा आणि लहान होत होत पूर्वेच्या टोकाला पोहोचायचा; परत यायचा तो चौकटीबाहेरून, कडेच्या धुऱ्याने.

जुलैच्या शेवटी एका दुपारी तो आत्याच्या ओसरीवर आला आणि मी कसा दिसतो ते दाखव, म्हणाला. प्रेरणाने लॅपटॉपवर लावून दाखवलं. त्याने अकरा मिनिटं डोळे न हलवता बघितलं.

"चांगलं हाये," तो म्हणाला. "पण नुसती पाठच दिसते ना बाई. पाहणाऱ्याले कसं समजन का हा भीमराज हाये म्हणून?"

प्रेरणा हसली. तिने काही सांगितलं नाही. सांगायचं नाही, असाच तर नियम होता.

ऑगस्टच्या दुसऱ्या आठवड्यातल्या फवारणीला भीमराज भरलेला पंप घेऊन धुऱ्याने वळसा घालून पूर्वेला गेला आणि तिथून पश्चिमेकडे, थेट कॅमेऱ्याच्या दिशेने मारत आला. त्याच्या मागून सूर्य येत होता. फवाऱ्याचं धुकं त्याच्याभोवती सोनेरी दिसत होतं आणि त्यातून त्याचा चेहरा हळूहळू जवळ येत होता. प्रेरणाने श्वास रोखून ते बघितलं. इतकं सुंदर दृश्य तिला आजवर मिळालं नव्हतं. तिने वहीत लिहिलं, 'आज नशीब.' त्यानंतरच्या प्रत्येक फवारणीला तिला ते नशीब मिळत गेलं.

आवाज ती वेगळा टिपायची. पऱ्हाटीच्या बुडाशी एक छोटा माइक ठेवलेला असायचा. दुपारी ओसरीवर बसून, कानाला यंत्र लावून ती सकाळचा आवाज ऐकायची आणि काय काय ऐकू आलं त्याची नोंद करायची. जुलैतली पानं गच्च भरलेली होती. नाकतोडे, रातकिडे, दोन जातींच्या माश्या, तित्तिर, तारेवरचा कोतवाल, मातीत काहीतरी कुरतडणारं. ऑगस्टमध्ये नोंदी आखूड झाल्या. आधी माश्या गेल्या. मग नाकतोडे गेले. कोतवाल काही दिवस तारेवर बसलेला दिसला, पण बोलला नाही, आणि मग दिसेनासाही झाला. पोळा झाल्यावरच्या एका दुपारी तिने अकरा मिनिटं पूर्ण ऐकली आणि तिला पानांच्या सळसळीशिवाय काही सापडलं नाही.

तिला वाटलं, माइक बिघडला. तिने तार बदलली आणि तोच माइक आत्याच्या अंगणात ठेवला. कावळे, कोंबड्या, शेजारची भांडी, सगळं स्वच्छ आलं. दुसऱ्या दिवशी पुन्हा वावरात ठेवला. पुन्हा नुसती पानं.

त्या दिवशी तिला भीती वाटायला हवी होती. वाटली, पण थोडी, आणि त्या भीतीवर दुसरंच काही चढून बसलं. तिने पुण्याला नयनला फोन केला. नयन तिच्या सिनेमांचं संकलन करायची. प्रेरणा तिला म्हणाली, की सिनेमाला त्याचा मधला भाग सापडला, एक वावर हळूहळू मुकं होतंय. नयनने विचारलं, तिथली माणसं काय म्हणतात? प्रेरणा म्हणाली, माणसांना अजून ऐकू आलेलं नाही.

त्या वर्षी, म्हणजे दोन हजार सतरा साली, पऱ्हाटी कधी नव्हे एवढी वाढली. ऑगस्ट सरता सरता भीमराजच्या छातीला लागली आणि सप्टेंबरात खांद्यावर गेली. विठ्ठलरावांना आनंद झाला, पण तो पुरता होईना. झाड नुसतं वाढत होतं आणि त्यावर अळी होती. औषध मारलं की चार दिवस थांबायची, पुन्हा यायची. वावरात त्याला सगळे औषधच म्हणायचे. कृषी केंद्रातून सांगितल्याप्रमाणे आधी पाण्याच्या टिपाडात, म्हणजे पिंपात, एक औषध पडायचं, मग दोन, मग तीन. यंदा जुना हातपंप जाऊन बॅटरीचा पंप आला होता. त्याचा फवारा धुरासारखा बारीक होता. झाडाच्या शेंड्यावर मारायचं तर नळी डोक्याच्या वर धरावी लागायची, आणि वर गेलेलं सगळं वाऱ्याने परत खाली यायचं.

भीमराजचे डोळे लाल दिसू लागले. आत्या एकदा म्हणाली, की कौसल्या सांगत होती, भीमराजला भाकर गोड लागत नाही, सकाळी उलटी होते. कौसल्या म्हणजे भीमराजची बायको. प्रेरणाने दुसऱ्या दिवशी त्याला तोंडाला दुपट्टा बांधायला सांगितलं. नियमाबाहेर जाऊन ती बोलली ती एवढंच. त्याने दोन दिवस बांधला, मग सोडला. जीव घुसमटतो, म्हणाला. तिने दुसऱ्यांदा सांगितलं नाही. कॅमेऱ्यात त्याचा चेहरा पुन्हा दिसू लागला याचं तिला बरं वाटलं, हे तिने पुढे स्वतःशी कबूल केलं.

सप्टेंबरच्या मध्यावर एका शनिवारी ती नेहमीसारखी पळसाखाली बसली. आभाळ उघडं होतं. पऱ्हाटी आता भीमराजपेक्षा उंच झाली होती. चौकटीत माणूस दिसतच नव्हता. हिरव्या भिंतीवर फक्त नळीचं टोक आणि त्यातून उडणारं धुकं तेवढं दिसत होतं. ते टोक इकडून तिकडे जात तिच्याकडे सरकत होतं. गुणगुणणं ऐकू येत नव्हतं.

सहाव्या मिनिटाला टोक थांबलं. मग एका बाजूला झुकलं. धुकं एकाच जागेवरून, झाडांच्या आतून, वर येत राहिलं.

प्रेरणाने कॅमेऱ्यावरचा आकडा बघितला. तिला वाटलं, नळी अडकली असेल, तो साफ करत असेल. सातवं मिनिट गेलं. धुकं तसंच येत होतं. उन्हात ते फार सुंदर दिसत होतं आणि तिला ते सुंदर दिसत होतं हे तिला कळतही होतं. तिने हाक मारली नाही, कारण हाक आवाजात आली असती. आठवं मिनिट अर्धं होत आलं तेव्हा पऱ्हाटीची दोनतीन झाडं हलली, जशी वाऱ्याने हलत नाहीत तशी.

तेव्हा ती धावली. फांद्या तोंडावर घेत, ओल्या पानांतून, त्या उग्र वासात. भीमराज कुशीवर पडला होता. पंप पाठीवर चालूच होता आणि फवारा त्याच्याच खांद्यावर येत होता. तोंडातून फेस येत होता. तिने पंप बंद केला, पट्टे काढले आणि किंचाळून विठ्ठलरावांना हाका मारल्या. धुऱ्यावरचा कॅमेरा आपली अकरा मिनिटं पुरी करत होता.

विठ्ठलरावांनी शेजाऱ्याचं मालवाहू वाहन आणलं. टिपाडाजवळच्या तिन्ही बाटल्या त्यांनी न विसरता पिशवीत घेतल्या आणि डॉक्टरांच्या हातात दिल्या. घाटंजीच्या दवाखान्यातून त्याला यवतमाळला पाठवलं. मोठ्या दवाखान्यातल्या त्या खोलीत भीमराज एकटा नव्हता. बोरी अरबकडचा एक माणूस आधीच होता, मुकुटबनकडचे दोघे त्याच संध्याकाळी आले. सगळ्यांच्या अंगाला तोच वास. ते ओरडत, नळ्या ओढून काढत, म्हणून त्यांचे हात त्यांच्याच दुपट्ट्यांनी खाटेला बांधले होते. दुसऱ्या दिवशी आणखी खाटा लागल्या, तिसऱ्या दिवशी आणखी. दारातून नवा माणूस आत आणला, की आधीचे नातेवाईक काही न विचारता सरकून जागा करत.

प्रेरणाने कॅमेरा तिथे नेला नाही. ती कौसल्याच्या शेजारी बसून राहिली. कौसल्या त्याचे तळपाय चोळत होती. चौथ्या दिवशी त्याने डोळे उघडले, पण त्याला दिसत नव्हतं. आवाजावरून त्याने कौसल्याला ओळखलं आणि पाणी मागितलं. सहाव्या दिवशी सकाळी तो गेला.

गावात चौकशीला सरकारी माणसं आली. त्यांनी वस्तीत खुर्च्या मागवल्या, कौसल्याला चार प्रश्न विचारले आणि कागदावर लिहून घेतलं. तोंडाला काही बांधलं होतं का? हातमोजे होते का? वाऱ्याची दिशा पाहून फवारावं हे त्याला माहीत होतं का? कौसल्याने काय सांगितलं ते कोणाला नीट ऐकू आलं नाही. जाताना त्यांच्यातला एक जण दुसऱ्याला म्हणाला, की या लोकांना समजच नसते. हे मात्र सगळ्यांना ऐकू आलं.

त्यानंतर काही दिवसांनी प्रेरणाने पेट्या उघडल्या. सिनेमा करायचा म्हणून नव्हे. तिला त्याचं गुणगुणणं कुठे आलंय का ते शोधायचं होतं, कौसल्याला द्यायला. जुलैच्या आवाजात ते दोनदा सापडलं. मग ती ऑगस्टच्या त्या फवारणीवर आली, तिच्या नशिबाच्या पहिल्या दिवसावर. वहीत त्या तारखेला तिने लिहिलं होतं, 'नाकतोडे कमी. दूर माणसांचा आवाज.'

तिने तो दूरचा आवाज मोठा करून ऐकला. विठ्ठलराव बोलत होते.

"तिकून काहून येऊन राह्यला बे? वारा तं तोंडावर येते तुह्या."

"समजते ना मालक," भीमराजचा आवाज होता, हसरा. "वारा पळसाकून हाये. पण बाई तिकडं बसली. रोज पाठ दाखवू का तिले?"

मग पंपाची घरघर आणि तिच्या आतून येणारी गाण्याची ओळ.

प्रेरणाने ते एकदाच ऐकलं. कानावरचं यंत्र काढून ठेवलं आणि परसात जाऊन उभी राहिली. ज्या चौकटीबाहेर आपण उभ्या आहोत असं ती तीन महिने समजत होती, त्या चौकटीत भीमराज दर फवारणीला तिला भेटायला येत होता. आणि ते त्याने लपवलंही नव्हतं. तिच्या यंत्रात ते होतं, तिच्या कानावर ते पडलं होतं, तिच्या वहीत ते लिहिलेलं होतं. तिला फक्त किडे ऐकायचे होते.

आत्याला तिने सांगितलं. आत्या म्हणाली, की गेलेला माणूस काही परत येत नाही, कौसल्याला सांगून तिचा जीव कशाला जाळतेस, पुसून टाक ते. प्रेरणाने पुसलं नाही. त्याच संध्याकाळी ती लॅपटॉप घेऊन कौसल्याकडे गेली.

कौसल्या तूर निवडत बसली होती. प्रेरणाने आधीच सगळं सांगून टाकलं, ऐकवण्याआधी, म्हणजे मागे फिरता येऊ नये. मग कानाचं यंत्र तिच्या डोक्यावर बसवलं. कौसल्याने दोन्ही हातांनी ते दाबून धरलं. आवाज संपल्यावर तिने बोटाने खूण केली, पुन्हा. प्रेरणाने पुन्हा लावलं. असं तीनदा झालं.

"तुले माहीत होतं?" कौसल्याने विचारलं.

"नाही, वहिनी."

"पण हे तं तुह्याजवळच होतं."

"होतं. मी ऐकलं होतं. लक्ष दिलं नव्हतं."

कौसल्याने सुपातली तूर एका बाजूला केली. तिचा चेहरा कोरडा होता. प्रेरणाला वाटलं ती आता उठ म्हणेल, आणि तसं म्हटलं असतं तर प्रेरणा उठली असती.

"ते लोक म्हणून गेले का त्याले समज नोती," कौसल्या म्हणाली. "याच्यात तं तो सांगून राह्यला, वारा कुठून हाये थे. मालकाले सांगून राह्यला. मंग हे दाखव लोकाइले. आणि तो कोणाच्यासाठी तसा आला, थे बी दाखव. तुह्या तोंडानं सांगजो. मले दुसऱ्याच्या तोंडून नाही पाहिजे."

माफ केलं असं ती म्हणाली नाही. प्रेरणानेही विचारलं नाही.

सिनेमा डिसेंबरात पुरा झाला. तो अकराच मिनिटांचा झाला, म्हणजे त्या शनिवारची चौकट, जशीच्या तशी. त्यावर प्रेरणाचा आवाज होता. आजवरच्या तिच्या एकाही सिनेमात कोणी बोललेलं नव्हतं. नयनने आवाज वाईट आहे, सपाट आहे, पुन्हा घे, असं कळवलं. प्रेरणाने पुन्हा घेतला नाही. कोणत्या दिवशी काय ऐकू आलं आणि आपण काय लिहिलं, ते ती तारखेनिशी सांगत होती. मध्ये एके ठिकाणी ती गप्प होत होती आणि भीमराज विठ्ठलरावांशी बोलत होता. आठव्या मिनिटाला तिची स्वतःची पाठ चौकटीत घुसत होती.

पहिल्यांदा तो विहारात दाखवला, दिवेलागणीला, पांढऱ्या धोतराचा पडदा लावून. वस्ती सगळी आली. कौसल्या पुढे, बायांमध्ये बसली. विठ्ठलराव दाराशी उभे राहिले. आत या म्हटलं तरी आत आले नाहीत. स्वतःचा आवाज ऐकू आला तेव्हा त्यांनी मान खाली घातली.

प्रेरणा मागे भिंतीला टेकून लोकांकडे बघत होती. पडद्यावर ऊन आलं, हिरवी भिंत उजळली आणि तिच्यावर ते धुकं उठलं. पुढच्या रांगेत पंप मारणारी माणसं बसली होती. त्यांच्यातल्या बळीरामने गळ्यातला दुपट्टा नाकावर ओढला. मग त्याच्या शेजारच्याने. मग पलीकडच्याने. कोणी कोणाकडे बघून केलं नाही. बघता बघता ती सगळी रांग नाक झाकून, डोळे बारीक करून, धोतरावरच्या धुक्याकडे बघत बसली. एका बाईने मांडीवरच्या लेकराचं तोंड पदरात घेतलं.

दिवा लागला. कौसल्या उठून घरी गेली. माणसं चपला शोधू लागली. बळीराम प्रेरणापाशी आला. दुपट्टा अजून त्याच्या तोंडावरच होता. सकाळी वारा किती वाजता पडतो, तुझ्या यंत्रात ते आहे का, असं त्याने विचारलं. तिपाई लावायला ती पहाटेच जायची, तेव्हाच्या नोंदी तिने वहीत बघितल्या आणि सांगितलं, की रोजचं सांगता येत नाही, पण साडेसहाच्या आधी बहुतेक नसतो.

त्याने मान हलवली. उद्या तुरीवर मारायचं होतं. अळी पडली होती.